पोराला बेसबॉलला घातलंय? मग शेड्यूल वाचायला शिका

जानेवारी उजाडला की मंडळाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर कुणीतरी विचारतंच, "मुलाला बेसबॉलला घालायचंय, क्लास कधी असतो?" पहिली गडबड इथेच होते, कारण हा क्लास नाहीये. पोहण्याचा क्लास मंगळवारी ५ ला म्हणजे दर मंगळवारी ५ ला, विषय संपला. बेसबॉलचं तसं नाही, या आठवड्यात सोमवारी प्रॅक्टिस, गुरुवारी गेम, शनिवारी परत गेम, पुढच्या आठवड्यात बुधवारी काहीतरी, मधे पाऊस पडला की तिसरंच, आणि हे जवळजवळ तीन महिने चालतं. अमेरिकेत नव्याने आलेल्या, क्रिकेट बघत वाढलेल्या आईबाबांसाठी हे लिहितेय. खेळाचे नियम शिकवायला नाही हं, ते मुलं शिकतात आणि मग आपल्यालाच शिकवतात. मी फक्त वेळेचं गणित सांगणार आहे, कारण घरातली निम्मी भांडणं त्यावरून होतात.

मी लिटल लीग, म्हणजे मुलांच्या बेसबॉलची मोठी संस्था, धरून चाललेय. १९३९ मध्ये पेनसिल्व्हेनियातल्या विल्यम्सपोर्टला ती सुरू झाली आणि आता गावोगावी तिच्या लोकल लीग आहेत. तुमच्याकडे पोनी किंवा कॅल रिपकेनवाली लीग असेल तर आकडे थोडे इकडेतिकडे होतील, पण पद्धत साधारण हीच.

नाव घालताना

स्प्रिंग सीझनचं रजिस्ट्रेशन बऱ्याच ठिकाणी थंडीतच उघडतं, नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये, आणि जानेवारी-फेब्रुवारीत बंदही होतं. मार्चमध्ये ऊन पडल्यावर आठवण झाली तर वेटलिस्टवर बसायचं. कुठल्या लीगमध्ये जायचं हे आपण ठरवत नाही, पत्ता ठरवतो. प्रत्येक लीगची हद्द आखलेली असते आणि त्या हद्दीत घर किंवा मुलाची शाळा असावी लागते. त्याचे पुरावे मागतात, वीजबिल, लीज वगैरे. नवीनच आला असाल आणि सगळी बिलं एकाच्याच नावावर असतील तर हे आधी जुळवून ठेवा, शेवटच्या रात्री पीडीएफ शोधत बसायला नको.

वयाचं पण एक आहे. मुलाचं आजचं वय धरत नाहीत, "लीग एज" धरतात, म्हणजे ठरावीक कटऑफ तारखेला मूल किती वर्षांचं असेल ते. लिटल लीगच्या वेबसाइटवर कॅल्क्युलेटर आहे, जन्मतारीख टाकली की उत्तर. त्यावरून डिव्हिजन: टी-बॉल (स्टँडवर ठेवलेला बॉल मारायचा) ४ ते ७, मायनर्स ५ ते ११ (यात आधी कोच बॉल टाकतात किंवा मशीन टाकतं, मग मुलं स्वतः), मेजर्स ९ ते १२. हे इथे सांगायचं कारण म्हणजे डिव्हिजन बदलली की आठवडा बदलतो. टी-बॉलवाल्यांचं आठवड्यात एखाद-दोन वेळा तासभर, संपलं. मेजर्समध्ये आठवड्याला दोन गेम आणि वर एक-दोन प्रॅक्टिस सहज होतात. "मोठ्यांबरोबर खेळू दे, लवकर शिकेल" म्हणून वरच्या डिव्हिजनचा हट्ट धरणाऱ्यांनी हा हिशोब आधी करावा.

फॉर्ममध्ये बहुतेक वेळा "स्पेशल रिक्वेस्ट" असा एक रकाना असतो. तो रिकामा सोडू नका. रविवारी सकाळी मराठी शाळा आहे, बुधवारी तबल्याचा क्लास आहे, शेजारच्या मुलाबरोबर कारपूल करायचंय, सगळं तिथे लिहा. ते पाळतीलच असं नाही, पण कोचच्या हातात टीम जाते तेव्हा ती माहिती त्याच्यासमोर असते. लीगच्या बोर्डावर "प्लेयर एजंट" नावाचं पद असतं, मुलांच्या टीम, ड्राफ्ट (म्हणजे कोचांनी आळीपाळीने मुलं निवडणं), बदली या भानगडी तो माणूस बघतो, रिक्वेस्टबद्दल काही विचारायचं तर त्याला विचारा, कोचला नाही. त्या वेळेला कोचला स्वतःलाच टीम मिळालेली नसते.

मग जानेवारी-फेब्रुवारीत एखाद्या शनिवारी इव्हॅल्युएशन असतं, मोठ्या मुलांचं. चार बॉल मारायचे, चार पकडायचे, धावायचं, कोच लोक कागदावर खुणा करतात. टी-बॉलवाल्यांना हे सहसा नसतं. मग ड्राफ्ट होतो, आणि एक दिवस अनोळखी नंबरवरून मेसेज येतो की मी तुमच्या मुलाचा मॅनेजर. इथे हेड कोचला मॅनेजर म्हणतात, ऑफिसातल्या मॅनेजरशी संबंध नाही, आणि तोही बिचारा तुमच्या-आमच्यासारखा नोकरी सांभाळून फुकट वेळ देणारा कुणाचातरी बाप किंवा आई असते. हे डोक्यात ठेवलं की पुढचे बरेच राग कमी होतात.

शेड्यूल हप्त्याहप्त्याने येतं

सगळ्यात जास्त चिडचिड होते ती "अजून शेड्यूल का नाही आलं" यावरून. ते एकदम येतच नाही. आधी प्रॅक्टिसच्या वेळा येतात, कधी कधी दोन आठवड्यांच्याच, आणि गेमचं शेड्यूल ओपनिंग डेच्या थोडं आधी. कारण मैदानं लीगच्या मालकीची फार क्वचित असतात, बहुतेक ठिकाणी ती गावाच्या पार्क खात्याची नाहीतर शाळेची, त्यांनी परवानगी दिली की लीग स्लॉट वाटते, आणि त्याच मैदानावर सॉकरवाले आणि हायस्कूलवालेही डोळा ठेवून असतात.

सुरुवातीच्या प्रॅक्टिसच्या वेळा विचित्र वाटतील, दुपारी ४ ला वगैरे, ऑफिसवाल्यांनी काय करायचं? पण कारण साधं आहे, लाइट नसलेल्या मैदानावर अंधार पडला की संपलं. मार्चच्या दुसऱ्या रविवारी घड्याळं एक तास पुढे जातात आणि त्यानंतर संध्याकाळी साडेपाच-सहाचे स्लॉट निघायला लागतात. म्हणजे पहिले दोन-तीन आठवडेच काय ते ओढाताणीचे. त्यांच्यासाठी कारपूल आधीच ठरवून ठेवा, टीमचा ग्रुप झाला की बिनधास्त विचारा, लोक हो म्हणतात.

ॲप एक नाही, दोन असतील. पैसे आणि फॉर्म लीगच्या साइटवर, रोजचं कामकाज गेमचेंजर किंवा टीमस्नॅप असल्या ॲपवर, आणि वर कोचचा टेक्स्ट ग्रुप. कुठलं खरं मानायचं ते पहिल्याच आठवड्यात विचारून घ्या. साधारणपणे जे सगळ्यात शेवटी बदललं ते खरं. आणि कॅलेंडरबद्दल एक: ॲपमध्ये शेड्यूल फोनच्या कॅलेंडरला "सबस्क्राइब" करायची सोय असते, ती वापरा. फाइल डाउनलोड करून टाकली तर ती त्या दिवशीची प्रत झाली, पुढे कोचने वेळ बदलली तरी तुमच्या कॅलेंडरमध्ये जुनीच राहणार. सबस्क्राइब केलं तरी गुगल कॅलेंडर ताजं व्हायला कधी कधी कित्येक तास लावतं, म्हणून गेमच्या दिवशी निघायच्या आधी कॅलेंडर नाही, ॲप उघडून बघायचं. नोटिफिकेशन दोघांच्याही फोनवर चालू ठेवा, एकट्या आईच्या नाही.

गेमची ओळ कशी वाचायची

समजा ॲपमध्ये असं दिसतंय: शनिवार, ११:३०, ॲट मरीनर्स, फील्ड ३, अरायव्हल १०:४५, ग्रे पँट.

११:३० म्हणजे पहिला पिच, म्हणजे पिचरने पहिला बॉल टाकायची वेळ (इथे पिच म्हणजे खेळपट्टी नाही, टाकलेला बॉल). तुम्ही पोचायची वेळ १०:४५, तीही गाडी पार्क करून, बूट चढवून, पाणी भरून मैदानावर उभं राहण्याची. पार्किंगमध्ये शिरायची नाही, कारण शनिवारी एकाच पार्कात चार-पाच गेम चालू असतात आणि आधीच्या गेमवाले निघाल्याशिवाय जागा मिळत नाही. मुलं पाऊण तास काय करतात? हात गरम करतात, बॅटिंगचा सराव, आणि कोच लाइनअप लावतो. लाइनअपचा कागद डगआउटच्या (टीमच्या बसायच्या जागेच्या) जाळीला चिकटवलेला असतो, बॅटिंगची ऑर्डर आणि कुठल्या इनिंगला कोण कुठे उभा राहणार त्याचे चौकोन. उशिरा पोचलेल्या मुलाचं नाव त्यावर पेनाने खाली सरकवलेलं मी बघितलंय, आणि मूल ते बरोबर ओळखतं.

मरीनर्स ही समोरची टीम. "ॲट" म्हणजे आपण व्हिजिटर, "व्हीएस" असेल तर आपण होम. घरच्या गावात खेळतोय की बाहेर, याच्याशी त्याचा बऱ्याचदा काहीच संबंध नसतो, दोन्ही टीम त्याच गावातल्या, त्याच पार्कातल्या. फरक इतकाच की व्हिजिटर आधी बॅटिंग करतात, होम नंतर. आणि मैदान आखणं, बेस लावणं, स्कोअर लिहिणं यातलं काय होमने करायचं आणि काय व्हिजिटरने, ते लीगच्या नियमात ठरलेलं असतं. फील्ड नंबर नीट बघा. एका पार्कचे दोन गेट असतात आणि फील्ड ३ नेमकं मागच्या गेटकडे असतं.

आठवड्यातले गेम साडेपाच-सहाला असतात, म्हणजे अरायव्हल पाचच्या सुमारास. त्या दिवशी शाळेतून आल्यावर पोळीभाजी खायला घालून न्या, मैदानावर नुसतं चिप्स आणि सनफ्लॉवर सीड्स मिळतं, आणि सीड्सची टरफलं गाडीत येतात ती वर्षभर निघत नाहीत.

संपणार कधी?

हा प्रश्न सगळे विचारतात आणि क्रिकेटवाल्यांना उत्तर पटत नाही, कारण षटकं मोजून सांगता येत नाही. मेजर्सपर्यंत गेम सहा इनिंगचा (दोन्ही टीमची एकेकदा बॅटिंग झाली की एक इनिंग). पण छोट्या मुलांच्या गेममध्ये, विशेषतः जिथे मुलं नुकतीच पिचिंग करायला लागलीत, एक इनिंग अर्धा तास चालू शकते, वॉकवर वॉक, वॉकवर वॉक (पिचरने चार बॉल चुकीचे टाकले की बॅटर फुकट पहिल्या बेसवर जातो, तो वॉक). म्हणून लोकल लीग वेळेची मर्यादा लावतात आणि ती दोन प्रकारची असते. "नो न्यू इनिंग" म्हणजे अमुक वेळेनंतर नवीन इनिंग सुरू करायची नाही, पण चालू असलेली पूर्ण करायची, त्यामुळे मर्यादा पावणेदोन तासांची असली तरी घरी जायला सव्वादोन तास होतात. "ड्रॉप डेड" म्हणजे घड्याळ वाजलं की जिथे असाल तिथे थांबा, मागे दुसरा गेम उभा असतो. आपल्या लीगमध्ये कुठल्या डिव्हिजनला काय आहे ते विचारून घ्या, मगच त्या संध्याकाळी कुणाला जेवायला बोलवा. मेजर्सला दोन-अडीच तास धरा, टी-बॉलला एक तास. गेमनंतर कोच मुलांना आउटफील्डमध्ये बसवून बोलतो, ती दहा मिनिटं वेगळी.

पाऊस पडला तर

न्यू जर्सीत एप्रिल आणि कॅलिफोर्नियात फेब्रुवारी-मार्च, हे रद्द होण्याचे महिने. आता पाऊस थांबलाय, ऊन पडलंय, मग गेम का नाही? कारण पाऊस नाही, माती. इनफील्डची माती ओली असताना मुलं धावली की खड्डे पडतात आणि ते वाळून दगड होतात, म्हणून पार्क खातं मैदानच बंद करतं. आठवड्यातल्या गेमचा निर्णय साधारण दुपारी उशिरा येतो, शनिवारचा सकाळी. तोपर्यंत कोचला "होणार का?" असा मेसेज करू नका, त्यालाही माहीत नसतं, आणि तसे बारा मेसेज त्याला आलेले असतात. निरोप येईपर्यंत गेम आहे असंच धरायचं, मुलाला युनिफॉर्म घालून बसवायचं.

विजांचं मात्र हसण्यावारी नेऊ नका. गडगडाट ऐकू आला की खेळ थांबतो आणि शेवटच्या गडगडाटानंतर ३० मिनिटं थांबावं लागतं, मधे परत ऐकू आला तर घड्याळ परत शून्यावर. तेवढा वेळ गाडीत बसायचं, डगआउटच्या पत्र्याखाली किंवा झाडाखाली नाही.

अर्धवट राहिलेल्या गेमचं काय? डकवर्थ-लुईस वगैरे काही नाही. चार इनिंग झाल्या असतील, किंवा होम टीम पुढे असताना साडेतीन, तर गेम पूर्ण धरतात आणि निकाल लागतो. एक इनिंग झालीय पण चार नाही, तर तोच गेम नंतर जिथे थांबला तिथून पुढे सुरू होतो. पहिली इनिंगसुद्धा झाली नाही तर सगळं पहिल्यापासून. असे राहिलेले गेम "मेकअप" म्हणून मे महिन्यात कुठेतरी कोंबतात, रविवारी, नाहीतर एका आठवड्यात तीन-तीन. म्हणून मे महिन्याच्या संध्याकाळी जितक्या मोकळ्या ठेवता येतील तितक्या ठेवा, सुरुवातीला शेड्यूल रिकामं दिसलं तरी.

पिचर असेल तर वेगळा हिशोब

तुमचं मूल पिचिंग करायला लागलं की कोचचं शेड्यूल आणि तुमचं शेड्यूल एकमेकांत अडकतात. लिटल लीगमध्ये दिवसाला किती पिच टाकायचे याची मर्यादा आहे: ७-८ वर्षांच्या मुलांना ५०, ९-१० ला ७५, ११-१२ ला ८५. आणि टाकलेल्या पिचवर विश्रांती ठरते. २० पर्यंत काही नाही, २१ ते ३५ एक दिवस, ३६ ते ५० दोन, ५१ ते ६५ तीन, ६६ च्या वर चार. दिवस कॅलेंडरचे मोजतात. मंगळवारी ४० टाकले तर बुधवार-गुरुवार सुट्टी, शुक्रवारी परत टाकू शकतो. मंगळवारी ७० टाकले तर शनिवारचा गेमही गेला, थेट रविवारी. म्हणून कोच कधी कधी ६५ व्या पिचला चांगला चाललेला पिचर काढतो आणि स्टँडमधले आईबाबा कुजबुजतात, अरे काय करतोय हा. तो शनिवार बघतोय.

यात तुम्ही काय करायचं? "शनिवारी आम्ही नाही" हे त्याला मंगळवारच्या आधी कळलं पाहिजे, कारण मग तो मंगळवारी जास्त टाकून घेईल. मूल ट्रॅव्हल टीममध्येही (बाहेरगावी स्पर्धा खेळणाऱ्या वेगळ्या टीममध्ये) खेळत असेल तर तिकडे किती पिच टाकले ते स्वतःहून सांगा. हात एकच आहे, दोन कोचांना दोन दिसतात.

येणार की नाही ते सांगायचं

माझं यात ठाम मत आहे. प्रत्येक गेमला आलंच पाहिजे असं मुळीच नाही, लोकांना लग्नं असतात, परीक्षा असतात, आजी-आजोबा भारतातून आलेले असतात. पण न सांगता गैरहजर राहणं याला माफी नाही. ॲपमध्ये प्रत्येक गेमपुढे येणार, नाही, नक्की नाही असं बटण असतं, आणि आपल्याकडचे कितीतरी जण ते दाबतच नाहीत, लग्नपत्रिकेला उत्तर द्यायची आपल्याला सवय नाही तसंच. पण टीम बाराएक मुलांची असते आणि नऊ मुलं नसतील तर बऱ्याच लीगमध्ये गेम सुरूच करता येत नाही. चौघं न सांगता आले नाहीत की उरलेले आठ जण युनिफॉर्म घालून परत घरी. आधी कळलं तर कोच प्लेयर एजंटला सांगून पूलमधून दुसऱ्या टीमचा खेळाडू मागवू शकतो, बऱ्याच लीगमध्ये ती सोय असते. ऐनवेळी ती होत नाही.

शेड्यूल आलं की त्याच संध्याकाळी दोघांनी मिळून बसा आणि सगळी बटणं दाबून टाका. गुढीपाडव्याचा मंडळाचा कार्यक्रम, मराठी शाळेचं गॅदरिंग, मदर्स डे, मेमोरियल डेचा लाँग वीकेंड, सगळं. मेमोरियल डेला बऱ्याच लीग सुट्टी देतात, पण मेकअप साचले असतील तर नाहीही देत.

भारताच्या तिकिटांचं वेगळं सांगते. रेग्युलर सीझन साधारण जूनच्या पहिल्या पंधरवड्यात संपतो. कॅलिफोर्नियात शाळा मेअखेर-जूनच्या सुरुवातीला सुटते, त्यामुळे शाळा सुटली की विमानात, असं तिकीट काढलं तर प्लेऑफ हुकू शकतात. न्यू जर्सीत शाळाच जूनच्या उत्तरार्धापर्यंत चालते, तिथे हा प्रश्न येत नाही. पण मूल ऑल-स्टार्सला (लीगमधल्या निवडक मुलांच्या टीमला) निवडलं गेलं तर खरी पंचाईत, कारण ते जूनच्या मध्यापासून सुरू होतं, रोज प्रॅक्टिस, मग डिस्ट्रिक्टचे सामने, आणि जिंकत राहिलात तर जुलै गेला (पार शेवटपर्यंत गेलात तर ऑगस्टमध्ये विल्यम्सपोर्टची वर्ल्ड सीरिज, पण तेवढी काळजी आत्ता नको). बीएमएमचं (बृहन्महाराष्ट्र मंडळाचं) अधिवेशन ज्या वर्षी असतं, तेही उन्हाळ्यातच येतं. म्हणून ऑल-स्टार्सचा फॉर्म येतो तेव्हाच तिकिटाच्या तारखा लिहून द्या. निवड झाल्यावर "आम्ही पुण्याला चाललोय" म्हटलं की दुसऱ्या कुणाचीतरी जागा अडवलेली असते.

आपली ड्युटी

शेड्यूलमध्ये मुलाच्या वेळा असतात तशा तुमच्याही असतात. स्नॅक शॅकमध्ये उभं राहणं, स्कोअर लिहिणं, पिच मोजणं, मैदान ओढून सपाट करणं, चुन्याच्या रेघा मारणं. काही लीग रजिस्ट्रेशनच्या वेळी डिपॉझिट घेतात आणि ड्युटी केली की परत देतात. साइनअप उघडलं की लगेच आपल्या मुलाच्या गेमच्या आधीचा किंवा नंतरचा स्लॉट पकडा, म्हणजे एकाच फेरीत काम होतं. उरलेले सगळे शनिवारी सकाळी ७ चे असतात. नवीन लोकांना पिच मोजण्याचं काम मी सुचवेन, हातात क्लिकर, एका जागी बसायचं, आणि चार गेममध्ये खेळ आपोआप कळायला लागतो. डगआउटमध्ये किंवा मैदानावर मुलांबरोबर काम करायचं असेल तर व्हॉलंटियर फॉर्म आणि बॅकग्राउंड चेक लागतो, दर वर्षी नव्याने, त्याला वेळ लागतो म्हणून फेब्रुवारीतच भरून टाका.

दोन मुलं दोन डिव्हिजनमध्ये असतील तर एकाच वेळी दोन टोकांच्या पार्कात गेम येणारच, लीग ते जुळवून देत नाही, मागून भांडण्यात अर्थ नाही. बाबा एकीकडे, आई एकीकडे, आणि गेमचेंजरवर दुसऱ्याचा स्कोअर.

आणि उन्हाळा संपताना फॉल बॉलचा ईमेल येईल, सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये असतो, बहुतेक शनिवार-रविवार, आठवड्यात कमी, जिंकण्या-हरण्याचं फारसं मनावर घेत नाहीत. स्प्रिंग जमेल की नाही अशी शंका असेल तर खरं तर तिथूनच सुरुवात करा. गणपतीचे दिवस बहुतेक वेळा त्यातच येतात, तेवढं रजिस्टर करताना त्या स्पेशल रिक्वेस्टच्या रकान्यात टाका.